अब्बांच्या उंचीचा आरसा

आमच्या बाथरूमचा आरसा अम्मीला कधी पुरलाच नाही. तिला त्यात कपाळ दिसायचं आणि भांग. टाचा उंचावल्या तर भुवया. नाकाखाली आपण कशा दिसतो हे बघायचं तर आतल्या खोलीतल्या लोखंडी कपाटाचा आरसा होता, पण त्याचा पारा उडालेला, आणि त्या खोलीत दिवसाही दिवा लावावा लागतो. पनवेलच्या जुन्या मोहल्ल्यातली घरं अशीच आहेत, भिंतीला भिंत लागून. आमच्याकडे उजेड यायचा तो शेजाऱ्यांचं काम झाल्यावर उरलेला.

आरसा उंच होता, कारण तो अब्बांच्या उंचीला लावला होता. अब्बा ताडमाड. नुसता आरसाच नाही, त्याखालची काचेची फळी, साबणदाणी, टॉवेलची दांडी, बेसिन, दाराची कडीसुद्धा त्यांच्या हाताला येईल अशी. आणि ज्यांच्या हाताला येण्यासाठी हे सगळं लावलं होतं ते वर्षानुवर्षं गल्फमध्ये. दोन वर्षांनी एकदा सुट्टीवर यायचे आणि सुट्टी संपली की जायचे. मी लहानपणी उपड्या बादलीवर उभी राहून दात घासले. अम्मी तोंड धुवायची तेव्हा पाणी कोपरांवरून ओघळून तिच्या काखेपर्यंत जायचं, आणि ती दर वेळी नव्यानं वैतागायची. पण आरसा, बेसिन खाली घ्या असं तिनं अब्बांना कधी म्हटलेलं मला आठवत नाही.

अब्बांच्या सुट्टीचं सगळं ठरलेलं असायचं. मोहल्ल्यातले बाकीचे पुरुष येताना ब्लँकेटं आणायचे, अत्तरं, टेपरेकॉर्डर. अब्बांच्या बॅगेत कपड्यांच्या मधोमध टॉवेलात गुंडाळलेली बाथरूमची एखादी वस्तू असायची. एका खेपेला दांडी, एका खेपेला साबणदाणी, मग फळी, मग आरसा. बेसिन आणलं तेव्हा विमानतळावर त्यांना खोकं उघडून दाखवावं लागलं होतं म्हणे. पहिले काही दिवस पाहुण्यारावळ्यांत जायचे. मग ते कुणाकडून तरी ड्रिल मशीन मागून आणायचे आणि बाथरूमचं दार लावून घ्यायचे. भिंतीवरच्या फिक्या निळ्या टाइल्स त्यांनी स्वतः पसंत केलेल्या, घराला स्लॅब पडला तेव्हाच्या. काम झालं की अम्मी शेजारणींना बोलावून दाखवायची. असल्या चकचकीत वस्तू तेव्हा पनवेलच्या बाजारात मिळत नसत. मी वर्गातल्या मुलींना मुद्दाम घरी आणून बाथरूम दाखवलंय. आमचे अब्बा तिकडे फोरमन आहेत, हेही त्यांना ऐकवायचे. मोहल्ल्यात सगळ्यांचेच अब्बा कशाचे ना कशाचे फोरमन होते.

मी तापट आहे. शाळेत मराठी शिकवते, आणि मुलं मला मागून काय म्हणतात ते मला माहीत आहे. लग्न मोडून मी माहेरी परत आले होते, त्याला बरीच वर्षं झाली होती, तो विषय इथं नाही. घरात अम्मी आणि मी अशा दोघीच होतो तेव्हा एक दिवस फोन आला की अब्बा कायमचे येतायत.

फोनवर ते एवढंच म्हणाले होते, "पायाला जरा लागलंय. डॉक्टर म्हणतात आता घरी जा."

विमानतळावर त्यांना व्हीलचेअरवर बसवून बाहेर आणलं. पँटचा डावा पाय गुडघ्याखाली दुमडून सेफ्टीपिन लावलेली होती. साखरेनं पाय सडला होता आणि तिकडेच कापून टाकला होता, घरी एक शब्द न कळवता. माझा राग उसळला. तिथंच, त्या ट्रॉल्यांच्या गर्दीत, मी त्यांना विचारलं, "जरा लागलंय?" ते म्हणाले, "फोनवर काय सांगायचं, बेटा."

येताना कळंबोलीला ट्रकांच्या रांगेत आमची टॅक्सी अडकून पडली. अब्बा बराच वेळ बाहेर बघत होते. मग त्यांनी विचारलं, "इकडं विमानतळ व्हायचा होता ना?"

"अजून जमिनीचंच चाललंय."

"झाला असता तर बरं झालं असतं. तुला एवढं लांब यावं लागलं नसतं."

संबंध रस्ताभर ते एवढंच बोलले. घरी अम्मी दारात उभी होती. तिनं आधी पिन लावलेल्या पँटकडे पाहिलं, मग त्यांच्याकडे, खाली. लग्नानंतर पहिल्यांदाच ती त्यांच्याकडे मान खाली करून बघत असेल. ती रडली नाही. "आत या, चहा टाकते," म्हणाली.

व्हीलचेअर बाथरूमच्या दारातून जाईना, म्हणून आत एक प्लास्टिकची खुर्ची ठेवली. तिच्यावर बसलं की बेसिनची कडा अब्बांच्या हनुवटीला यायची आणि आरशात समोरच्या भिंतीचा वरचा कोपरा दिसायचा. अंघोळ अम्मी घालायची. ते त्यांनी कसंबसं सोसलं असतं. पण ते पाच वेळचे नमाजी, आणि प्रत्येक नमाजाआधी वजू, म्हणजे हात, तोंड, डोकं, पाय धुणं, तेही अम्मीच्या हातून. ती तांब्यानं पाणी ओतायची, ओल्या हातानं त्यांचं तोंड पुसून घ्यायची, आणि ते डोळे गच्च मिटून बसायचे. शेजारचे एक हाजीसाहेब म्हणाले, अशा तकलीफमध्ये तयम्मुम चालतो, मातीवर हात फिरवून. अब्बा म्हणाले, "घरात पाणी असताना?" हाजीसाहेब गेल्यावर वजूच्या वेळी ते आम्हा दोघींना म्हणाले, "दुसऱ्याच्या हातून वजू मय्यतीला करवतात. मी अजून जिवंत आहे."

अम्मीचा हात तिथल्या तिथे थांबला. मला त्यांचा असा संताप आला. जी बाई पहाटे उठून यांच्यासाठी पाणी गरम करते तिच्या तोंडावर असं बोलायचं. पण ते अम्मीला उद्देशून बोललेच नव्हते, हेही मला दिसत होतं.

त्यानंतर एका सकाळी आतून धप्प आवाज आला. आम्ही दोघी धावलो. बादलीच्या नळाशी हात पोचावा म्हणून ते खुर्चीवरून वाकले होते, खुर्ची सरकली होती, आणि ते कमोड आणि भिंतीच्या मध्ये पडले होते. कपाळाला खोक पडली होती. त्यांना उचलताना आम्हा दोघींची दमछाक झाली. पलंगावर निजवल्यावर ते छताकडे बघत म्हणाले, "बेसिन खाली घ्या. आरसा, दांडी, सगळं खाली घ्या. मला माझा वजू माझ्या हातानं करू दे. दुसरं काही मागत नाही मी."

"आजच माणूस बघते," मी म्हटलं.

"पण टाइलला तडा जाता कामा नये."

मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. "अब्बा, टाइल गेली तर दुसरी लावू. त्यात काय एवढं?"

"तडा गेला तर नको. मग आहे ते असू दे."

माणूस कपाळाला पट्टी बांधून पडलाय आणि याला टाइलची पडली आहे. मी भांडायला तोंड उघडलं तेवढ्यात अम्मीनं मला डोळ्यांनी गप्प केलं.

प्लंबर सुकापूरकडचा होता, तिथल्या गावातलाच, हसऱ्या तोंडाचा. त्यानं बेसिनला हात लावून हलवून पाहिलं, दांडीवर बोटानं टकटक केलं आणि डोकं हलवलं. "चाचा, ह्या जुन्या वस्तू अशा नाय निघत. इस्क्रू पार गंजलेत. छन्नी मारायला लागल. मंग दोनचार टाइला जातील."

"न फोडता नाही होणार?"

"सगल्यांकडं फुटतात, चाचा. आमी नवीन बसवून देतो ना. पन ह्यो निला रंग आता मिलत नाय. पांढरी लावू."

अब्बा शांतपणे म्हणाले, "तू खाली लावून द्यायला ये. पाइप जोडायला ये. उतरवायचं आम्ही बघतो."

त्यानं अब्बांच्या पायाकडे पाहिलं, मग माझ्याकडे. आम्ही म्हणजे कोण ते त्याला बरोबर कळलं. "बरं हाय," तो म्हणाला. "झालं का मना फोन करा." आणि गेला.

शाळेला दिवाळीची सुट्टी लागली होती. मी ओढणी कमरेला खोचली, शेजारून पेचकस आणि पाने मागून आणले आणि बाथरूममध्ये उभी राहिले. अब्बांची व्हीलचेअर दाराला टेकवून ठेवली, तिथून त्यांना सगळी भिंत दिसत होती.

"आधी काय काढू?" मी विचारलं.

"काढायचं नाही. उतरवायचं."

शब्दावरून मला कोणी टोकलं की मिरच्या झोंबतात. "तेच ते," मी म्हटलं.

"तेच नाही. काढतात दात. ओढला की झालं. मागे खड्डा राहिला तरी कुणी बघत नाही." त्यांनी दोन्ही हात पुढे केले, डोक्यावरची पाटी कुणाकडून घ्यावी तसे. "हे उतरवायचं. दांडीपण शाबूत आणि भिंतपण शाबूत."

त्यांनी सांगितलं तसं मी करत गेले. आधी आसपासच्या टाइलवर चिकटपट्टी आडवी-उभी लावली. दांडीच्या टोकांची गोल टोपणं नखानं सैल केली तेव्हा आत स्क्रूची डोकी दिसली, लालभडक गंजलेली. त्यांच्यावर रॉकेलचे थेंब सोडायचे आणि थांबायचं. थांबायचं म्हणजे तासभर नाही, दुसऱ्या दिवसापर्यंत. दुसऱ्या दिवशी पेचकस खाचेत बसवून त्याच्या मुठीवर हातोडीनं नुसतं टिचकी मारल्यासारखं ठोकायचं, म्हणजे आतला गंज हलतो. मग स्क्रू आधी किंचित आवळायचा, आणि नंतर सोडायचा. मी पहिल्याच स्क्रूला दोन्ही हातांनी ताकद लावली.

"जोर नको," दारातून आवाज आला.

"निघत नाहीये."

"निघत नाही तर परत रॉकेल टाक आणि बाहेर ये. जोर लावावासा वाटला की बाहेर यायचं."

त्या आठवड्यात मी किती वेळा बाहेर आले ते विचारू नका. अंघोळीला आम्ही दोघी शेजारी जात होतो, अब्बांचा वजू अम्मी मोरीपाशी करवत होती, आणि मी एका दांडीसाठी बाथरूमच्या आतबाहेर करत होते. शेवटी स्क्रू फिरले. दांडी तरी हलेना, तिची चकती भिंतीला धरून बसली होती. अब्बांनी चकतीच्या कडेनं ब्लेड फिरवायला सांगितलं, मग तिच्याखाली पेचकस घालायला, पण पेचकस टाइलवर टेकू द्यायचा नाही, मध्ये लाकडाची पट्टी हवी. मी शाळेतली माझी फूटपट्टी आणली. जिचा धाक मुलांना दाखवायचे ती पट्टी भिंतीला टेकवून मी हळूच रेटलं आणि दांडी माझ्या हातात आली. टाइल होती तशी होती. मला इतका आनंद झाला की मी हसले, आणि अब्बाही हसले. गल्फहून आल्यापासून पहिल्यांदा.

दांडी मोरीवर धुवायला घेतली तेव्हा चकतीच्या आतल्या बाजूला सिमेंटचा एक कडक थर दिसला आणि त्यात अडकलेली टाइलची कपची. कपची गुलाबी होती. आमच्या घरात गुलाबी टाइल कधीच नव्हती. मी ती नखानं उकरून ओट्यावर ठेवली आणि कामाला लागले, कारण पुढे साबणदाणी, फळी आणि मग आरसा होता.

आरसा चार कोपऱ्यांच्या स्क्रूंवर होता, शिवाय मागून चिकटवलेला. स्क्रू निघाले तरी तो भिंत सोडेना. अब्बांनी तंगूस आणायला सांगितलं, मासे धरायचा नायलॉनचा दोरा. तो मासळीबाजाराच्या तोंडाशी मिळतो. त्याचा एक पदर आरशामागून ओवून दोन्ही टोकं ओढत करवतीसारखं वरून खाली यायचं. मी स्टुलावर चढून तंगूस ओढत होते, अम्मी खालून आरशाला तळहात लावून उभी होती, आणि दारातून अब्बा म्हणत होते, "हळू. खाली किती राहिलंय ते बोटानं बघ. हळू." तंगुसानं माझी बोटं कापली. मग आरसा सुटला आणि अम्मीच्या हातांवर आला, आणि आम्ही दोघींनी मिळून तो खाली गादीवर पालथा ठेवला.

आरशाच्या पाठीवर डिंकाचे दोन थर होते, एक आमच्या भिंतीचा आणि त्याखाली दुसरा, जुना, काळपट. आणि एका कोपऱ्यात ब्रशनं रंगवलेले अरबी आकडे.

मी कुराण वाचायला शिकले आहे, ते आकडे मला वाचता येतात. "अब्बा, हे काय आहे?"

त्यांनी त्या कोपऱ्याकडे पाहिलं. मग म्हणाले, "खोलीचा नंबर."

"कुठल्या खोलीचा?"

"हॉटेलच्या. हॉटेलं जुनी झाली की तिकडं सगळं बदलतात. आमच्या गँगचं काम होतं जुनं उतरवायचं. बाकीचे हातोडे मारायचे. माझ्या हातून फुटायचं नाही, म्हणून मला इतकी वर्षं ठेवलं. चांगलं निघालेलं साहेब पुढे विकायचा. मी सुट्टीवर निघालो की एखादी वस्तू मला घेऊ द्यायचा."

"आणि फोरमन?"

"फोरमन दुसरा होता."

मला राग आला. वस्तू वापरलेल्या होत्या म्हणून नाही. माझ्या वर्गातल्या मुली हा आरसा बघायला रांग लावून आल्या होत्या, त्याचंही काही नाही, त्या विसरल्या असतील. राग याचा आला की हा माणूस आयुष्यभर परक्यांच्या बाथरूममध्ये गुडघ्यांवर बसून होता आणि आम्हाला त्यानं ते कळू दिलं नाही. आम्ही त्याला फोरमन समजून नवीन चपला मागत राहिलो, सायकल मागत राहिलो. माझा आवाज चढला. मी अम्मीकडे वळले. "तुला माहीत होतं?"

अम्मी पालथ्या आरशाशेजारी गादीवर बसली होती. "सिमेंटचे डाग कोण घासायचं मग?" ती म्हणाली. "तू शाळेतून यायच्या आधी, शेजारणी यायच्या आधी, मी सगळं घासूनपुसून ठेवायचे. त्या चकतीच्या आतलं तेवढं राहून गेलं."

"मग तुला तोंड नव्हतं का? एवढ्या वर्षांत एकदा तरी म्हणायचंस, हा आरसा खाली घ्या. जन्मभर कपाळ बघत बसलीस."

"खाली घ्यायचा म्हणजे आधी उतरवायला लागला असता," ती म्हणाली. आवाज न चढवता, भाजी निवडताना बोलावं तशी. "दोन-दोन वर्षं तेच करून येतात. म्हटलं, घरी आल्यावर तरी यांना नुसतं लावू दे."

अब्बांनी खुर्चीच्या दांडीवरचा हात उचलला आणि परत तिथंच ठेवला. ते अम्मीकडे बघत होते आणि ती गादीच्या शिवणीकडे. मग ते मला म्हणाले, "बेसिनच्या नटांवर रॉकेल टाक गं. सुकले असतील."

बेसिनचं काम सगळ्यात जोखमीचं होतं. वरचा पाण्याचा नळ बंद केला, खाली उपडी बादली ठेवली, तिच्यावर उशा, म्हणजे नट सुटले तरी बेसिन उशांवर टेकेल. भिंतीलगतचा पांढरा थर ब्लेडनं कापत कापत मी मागच्या कोपऱ्यापर्यंत गेले. या वेळी मला जोर लावावासा वाटला नाही. बेसिन अम्मीनं आणि मी मिळून उचललं आणि बाहेर आणून ठेवलं. मग अब्बा म्हणाले, मला आत न्या.

आम्ही त्यांना प्लास्टिकच्या खुर्चीवर बसवलं. त्यांनी हात लांब करून पोचतील तेवढ्या टाइल्सवर बोटं फिरवली, प्रत्येक भोकाच्या कडेनं. समोर नुसती निळी भिंत होती आणि त्यांनी सुट्ट्यांमध्ये पाडलेली भोकं. "एकसुद्धा नाही," ते म्हणाले. मला रडू आलं आणि मी ते लपवलं नाही. एवढ्या वर्षांत हा माणूस घरात फक्त या भिंतीवर राहिला होता, आणि आता तीही मोकळी झाली होती. टाइल फुटू नये म्हणून तो का हटून बसला होता ते मला तेव्हा कळलं.

प्लंबर आला, त्यानं भिंत जवळून पाहिली. "कोनी काढलं? भिंत जशीच्या तशी हाय."

"काढलेलं नाही," अब्बा म्हणाले, आणि माझ्याकडे बघून मिशीत हसले.

त्यांनी खुर्चीवर बसून हात पुढे करायचा आणि प्लंबरनं तिथे पेन्सिलची खूण करायची, अशा रीतीनं सगळं खाली आलं. बेसिन मांडीच्या जरा वर, साबणदाणी त्याच्या उजवीकडे, दांडी उठताना धरायला डाव्या हाताशी, आरसा तोंडासमोर, त्याखाली फळी. जुनी भोकं पांढऱ्या सिमेंटनं बुजवली. शेवटी त्यांनी कडीही खाली घ्यायला सांगितली. मी नाही म्हटलं. "आत पडलात तर दार कोण उघडणार?"

"पडलो तर पडलो. कडी लावायची मला."

दुसऱ्या दिवशी पहाटे, फजरच्या नमाजाआधी, मला कडीच्या आवाजानं जाग आली. मग पाण्याचा आवाज, थांबून थांबून. अम्मी दाराबाहेर तसबीहची माळ घेऊन उभी होती, तिचे ओठ हलत होते, पण कान दाराला होते. आतून चूळ भरल्याचा आवाज आला, मग खाकरल्याचा. ते इतका वेळ लावत होते की अम्मी न राहवून म्हणाली, "अहो, टाकी रिकामी करणार का आज?" पाणी मात्र चालूच राहिलं. कडी काढून, चौकट धरत ते बाहेर आले तेव्हा दाढीतून पाणी टपकत होतं आणि त्यांनी ते पुसलं नव्हतं.

असं उन्हाळा लागेपर्यंत चाललं. दिवसातून पाच वेळा कडी, पाणी, खाकरणं. मला त्या आवाजांची सवय झाली आणि घरात पुरुषमाणूस असतो म्हणजे काय ते मला उशिरा का होईना कळलं. मी वह्या तपासताना ते शेजारी बसून मुलांच्या चुकांना हसायचे. माझ्या शुद्धलेखनाच्या आग्रहाची टर उडवायचे.

मग त्यांनी घरातही मोजे घालायला सुरुवात केली. एकच मोजा, एकच पाय. थंडी वाजते म्हणाले, पनवेलच्या एप्रिलमध्ये. आम्ही दोघी एवढ्या मूर्ख नव्हतो, पण तो पाय ते दार लावून धुवायचे आणि आम्हाला दाखवत नसत. ताप चढला तेव्हा अम्मीनं मोजा उतरवला. अंगठा काळा पडला होता आणि वरपर्यंत लाल रेघ गेली होती. इस्पितळात डॉक्टरांनी हाही पाय कापावा लागेल म्हणून सांगितलं. अब्बा नको म्हणाले नाहीत, हो पण म्हणाले नाहीत. ऑपरेशनची वेळच आली नाही. विष अंगभर पसरलं होतं, आणि ते तिथेच गेले.

त्यांना घरी आणलं. पुढच्या खोलीत चादरी बांधून आडोसा केला, लाकडी फळी ठेवली, आणि मोहल्ल्यातले पुरुष त्यांना शेवटची अंघोळ घालायला आत गेले. आम्ही बायका आतल्या अंधाऱ्या खोलीत बसलो होतो. पाणी आमच्याच बाथरूममधून बादल्यांनी नेत होते. मय्यतीला आधी वजू करवतात. चादरीपलीकडून कुणीतरी हलक्या आवाजात सांगत होतं, आता हात, आता तोंड, आणि पाण्याचा आवाज येत होता, थांबून थांबून. अम्मीनं माझं मनगट धरलं आणि ते इतकं आवळलं की पुढे कितीतरी दिवस तिथे वळ होता. आम्हा दोघींना त्यांचं तेच बोलणं आठवत होतं. त्यांच्या हातावर दुसऱ्यांचे हात फिरत होते आणि आता त्यांना डोळे मिटून घ्यायचीही गरज नव्हती.

कब्रस्तानात आमच्याकडे बायका जात नाहीत. दफन करून लोक परतले तेव्हा माझा चुलतभाऊ आत आला. त्याच्या नखांत माती होती. अम्मीपुढे खाली बसून तो म्हणाला, "चाची, फिकीर करू नका. नीट उतरवलं. कुठं धक्का लागू दिला नाही."

त्याला बिचाऱ्याला काही माहीत नव्हतं. सगळे असंच म्हणतात, मय्यत कबरीत उतरवतात. अम्मी त्याच्याकडे बघत राहिली आणि मग तिनं मान हलवली. ती रडली ती त्यानंतर.

इद्दतीचे दिवस ती घरातच होती. विधवा बाईनं त्या दिवसांत नटायचं नसतं, बाहेर पडायचं नसतं, आणि अम्मीला त्यातलं काही करायची इच्छाही नव्हती. बाथरूममधली प्लास्टिकची खुर्ची कुणी हलवली नव्हती. एका सकाळी ती बराच वेळ बाहेर येईना म्हणून मी दार ढकललं. कडी लावलेली नव्हती. ती त्या खुर्चीवर बसली होती, तोंड धुतलेलं, ओलं, आणि समोर आरसा होता. उजेड वरच्या झरोक्यातून नेमका तिच्या तोंडावर येत होता. ती स्वतःकडे बघत होती, कपाळापासून गळ्यापर्यंत.

"केवढी म्हातारी झाले गं मी," ती म्हणाली. "आणि यांनी एका शब्दानं सांगितलं नाही."

वरती टाइल्सवर पांढऱ्या सिमेंटचे ठिपके होते, त्यांच्या उभ्या उंचीचे. मी तिच्या खांद्यावर हात ठेवला. "आरसा जरा वर घेऊ? तुझ्या उंचीला? मला येतं आता. एक टाइल फुटणार नाही."

"नको," ती आरशातून माझ्याकडे बघत म्हणाली. "आता या घरात कुणी काही उतरवायचं नाही."